उभा मार्ग, आडवी वाट : अमेरिकी स्वातंत्र्ययुद्धातील हडसनचे खोरे

अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धात (१७७५–१७८३) पहिल्या वर्षापासून अखेरच्या दिवसापर्यंत दोन्ही पक्षांची नजर ज्या मुलखावरून हटली नाही, तो म्हणजे न्यूयॉर्कमधील हडसन नदीचे खोरे. युद्धाची पहिली गोळी इथे सुटली नाही आणि यॉर्कटाउनची निर्णायक शरणागतीही इथे झाली नाही. तरीही युद्धाला कलाटणी देणारी सॅराटोगाची मोहीम, वेस्ट पॉइंटची तटबंदी, बेनेडिक्ट अर्नोल्डची फितुरी आणि अमेरिकन सरसेनापती जॉर्ज वॉशिंग्टनच्या सैन्याची शेवटची मोठी छावणी हे सारे याच खोऱ्यात घडले. त्यामागचे कारण नदीच्या भूगोलात आहे.

नदी आणि तिचे जलमार्ग

हडसन ॲडिरॉन्डॅक पर्वतात उगम पावते आणि सुमारे ५०० किलोमीटर दक्षिणेकडे वाहत न्यूयॉर्कच्या उपसागराला मिळते. तिचा खालचा निम्मा भाग खरे तर खाडीच आहे. समुद्राची भरती मुखापासून सुमारे २४० किलोमीटर आत, ऑल्बनीच्याही वरपर्यंत चढते. रस्ते कच्चे आणि जंगले दाट असण्याच्या त्या काळात शिडाची गलबते भरती आणि वारा साधून थेट ऑल्बनी गाठत. तोफा, दारूगोळा आणि धान्य हलवायला याहून सोयीचा मार्ग त्या भागात नव्हता.

ऑल्बनीच्या पुढे हा मार्ग दोन दिशांना फुटतो. उत्तरेला हडसनच्या वरच्या टप्प्यातून थोडी जमिनीवरची वाट चालली की जॉर्ज सरोवर लागते. त्याच्या पुढे शॅम्प्लेन सरोवर, मग उत्तरेकडे वाहणारी रिशेल्यू नदी आणि शेवटी सेंट लॉरेन्स नदीचे खोरे. न्यूयॉर्क बंदरापासून कॅनडातील मॉन्ट्रिऑलपर्यंत असा जवळजवळ सलग जलमार्ग तयार होतो. पश्चिमेकडून हडसनला मिळणारी मोहॉक नदी दुसरी वाट उघडते. ॲपलाचियन डोंगररांगांमधून ऑन्टारिओ सरोवराकडे जाणारी ती सखल वाट आहे.

मुखापासून साठ-सत्तर किलोमीटर वर गेल्यावर नदी डोंगरात शिरते. ‘हायलँड्स’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या या टप्प्यात दोन्ही काठांवर उभे कडे आहेत, पात्र अरुंद व खोल आहे आणि वेस्ट पॉइंटपाशी नदी लागोपाठ दोन तीव्र वळणे घेते. मोठ्या जहाजाला इथे वेग कमी करावाच लागे. वारा पडला किंवा उलटा फिरला तर ते काठावरच्या तोफांच्या तोंडी सापडे.

बंड करून उठलेल्या १३ वसाहतींची मांडणी पाहिली की या नदीचे महत्त्व लक्षात येते. तिच्या पूर्वेला न्यू इंग्लंडच्या वसाहती होत्या. बंडाची सुरुवात तिथेच झाली होती आणि लढणारी माणसे, गुरे, खारवलेले मांस तिथून येत होते. पश्चिमेला आणि दक्षिणेला न्यू जर्सी, पेन्सिल्व्हेनिया आणि पुढच्या वसाहती होत्या. गहू व पीठ मुख्यतः तिकडचे. एका बाजूची रसद आणि कुमक दुसऱ्या बाजूला पोचवायची तर हडसन ओलांडल्याशिवाय गत्यंतर नव्हते.

म्हणून एकाच नदीकडे दोन्ही पक्ष वेगळ्या नजरेने पाहत होते. ब्रिटिशांना ती समुद्राकडून कॅनडाकडे जाणारा उभा मार्ग वाटत होती. त्यांचे आरमार प्रबळ होते. हा मार्ग हाती आला की न्यू इंग्लंड एकटे पडेल, असा त्यांचा हिशेब होता. अमेरिकनांना मात्र नदी उभी चालून जायची नव्हती. त्यांना ती आडवी ओलांडता यायला हवी होती. उभा मार्ग मिळवण्यासाठी संपूर्ण खोरे ताब्यात असावे लागते, आडव्या वाटेला नदीचा एक सुरक्षित टप्पाही पुरतो. पुढच्या आठ वर्षांतील घडामोडी या फरकातून उलगडतात.

खोऱ्यातला समाज

हेन्री हडसन डच ईस्ट इंडिया कंपनीच्या चाकरीत १६०९ मध्ये या नदीत शिरला. त्यानंतर डचांनी इथे वसाहत केली आणि १६६४ मध्ये ती इंग्रजांच्या हाती गेली. डच वळणाची गावे, इंग्रज व्यापारी, जर्मन शेतकरी असा संमिश्र समाज शंभर वर्षांत खोऱ्यात रुजला. जमिनीचा मोठा हिस्सा मात्र व्हॅन रेन्सलर, लिव्हिंग्स्टन, फिलिप्स अशा मोजक्या घराण्यांकडे होता आणि हजारो कुळे त्यांची शेते खंडाने कसत होती. उत्तरेकडील वसाहतींमध्ये गुलामांची सर्वांत मोठी संख्या न्यूयॉर्कमध्ये होती. शेतावर, गलबतांवर आणि घरकामात त्यांचे श्रम वापरले जात.

अशा समाजात स्वातंत्र्याच्या बाजूने सरसकट एकमत होणे शक्य नव्हते. लिव्हिंग्स्टन घराणे स्वातंत्र्याच्या बाजूने उभे राहिले, तर त्यांच्याच जहागिरीतील कुळांपैकी अनेकांनी १७७७ च्या मे महिन्यात राजाच्या बाजूने उठाव केला. जमीनदार ज्या पक्षात, त्याच्या विरुद्ध पक्षात गेल्यास जमीन आपली होईल, ही आशा त्यामागे होती. फिलिप्स घराणे राजनिष्ठ राहिले आणि १७७९ मध्ये न्यूयॉर्क राज्याने त्यांची जहागीर जप्त केली. पुढे तिचे तुकडे विकले गेले तेव्हा तिथल्या अनेक कुळांना आपण कसत असलेली जमीन विकत घेता आली.

पहिले डाव : १७७५–७६

१९ एप्रिल १७७५ रोजी मॅसॅच्युसेट्समध्ये लढाईला तोंड फुटले. तीनच आठवड्यांनी, १० मे रोजी, ईथन ॲलन आणि बेनेडिक्ट अर्नोल्ड यांनी शॅम्प्लेन सरोवराच्या दक्षिण टोकाजवळचा टिकॉन्डरोगा किल्ला अचानक छापा घालून घेतला. तिथे सापडलेल्या तोफा त्या हिवाळ्यात हेन्री नॉक्सने बैलांच्या आणि घोड्यांच्या घसरगाड्यांवर लादल्या, गोठलेल्या हडसनवरून पार नेल्या आणि बोस्टनपर्यंत पोचवल्या. या सुमारे ६० तोफांच्या धाकाने ब्रिटिशांनी मार्च १७७६ मध्ये बोस्टन सोडले. मे १७७५ मध्येच बंडखोर वसाहतींच्या कॉन्टिनेन्टल काँग्रेसने हायलँड्समध्ये दोन्ही काठांवर मोर्चे उभारण्याचा ठराव केला होता. युद्ध लांबले तर ते हडसनवर येणार, हे दोन्ही पक्षांनी ओळखले होते.

बोस्टन सोडलेले ब्रिटिश सैन्य १७७६ च्या उन्हाळ्यात न्यूयॉर्कला आले. आरमारासह आलेल्या या फौजेत ३० हजारांहून अधिक सैनिक होते. १२ जुलै रोजी ‘फिनिक्स’ आणि ‘रोझ’ ही दोन युद्धजहाजे काठावरच्या तोफांना न जुमानता हडसनमध्ये वर निघून गेली. नुसत्या तोफांनी नदी बंद होत नाही, पात्रातच अडथळा घालावा लागतो, हा धडा वॉशिंग्टनला तेव्हाच मिळाला. २७ ऑगस्टला लाँग आयलंडवर अमेरिकनांचा पराभव झाला, सप्टेंबरमध्ये न्यूयॉर्क शहर पडले आणि १६ नोव्हेंबरला नदीकाठचा फोर्ट वॉशिंग्टन सुमारे २,८०० कैद्यांसह शत्रूच्या हाती गेला. नदीचे मुख ब्रिटिशांकडे गेले ते पुढची सात वर्षे त्यांच्याकडेच राहिले.

वरच्या टोकाला मात्र त्यांचा डाव त्या वर्षी साधला नाही. कॅनडातून गाय कार्लटन शॅम्प्लेन सरोवरावर उतरत होता. त्याला रोखण्यासाठी अर्नोल्डने घाईघाईने एक छोटे आरमार बांधून घेतले. ऑक्टोबरमध्ये व्हॅल्कर बेटापाशी झालेल्या लढाईत हे आरमार जवळजवळ नष्ट झाले. पण ब्रिटिशांनाही सरोवरासाठी जहाजे बांधावी लागली होती आणि त्यात मोहिमेचा हंगाम निघून गेला. हिवाळा जवळ आल्याने कार्लटन माघारी गेला.

१७७७ : सॅराटोगा

पुढच्या वर्षी जनरल जॉन बर्गॉइनने लंडनमध्ये एक आराखडा मांडला. त्याने स्वतः कॅनडातून शॅम्प्लेनमार्गे ऑल्बनीकडे यायचे, बॅरी सेंट लेजरने ऑन्टारिओ सरोवराकडून मोहॉक खोऱ्यातून यायचे आणि न्यूयॉर्कमधील सैन्याने हडसनमधून वर येऊन त्यांना साथ द्यायची, अशी सर्वसाधारण अपेक्षा होती. परंतु न्यूयॉर्कमधील सरसेनापती विल्यम हाउला फिलाडेल्फिया घ्यायचे होते आणि लंडनमधील मंत्री लॉर्ड जॉर्ज जर्मेन याने दोन्ही बेतांना संमती दिली. दोघांचा मेळ कसा बसवायचा, याचा स्पष्ट हुकूम कोणालाच मिळाला नाही. जुलैमध्ये हाउ सुमारे १५ हजार सैनिक घेऊन समुद्रमार्गे फिलाडेल्फियाकडे निघून गेला.

सात ते आठ हजारांची फौज घेऊन निघालेल्या बर्गॉइनची सुरुवात झोकात झाली. ब्रिटिशांनी शेजारच्या डोंगरावर तोफा चढवताच ६ जुलैला अमेरिकनांना टिकॉन्डरोगा सोडावा लागला. पण जलमार्ग संपून जंगल सुरू झाले तशी मोहीम रुतू लागली. अमेरिकन सेनापती फिलिप स्कायलर याने वाटेवर झाडे आडवी पाडली, पूल मोडले, ओढे अडवून दलदल केली आणि आसपासची गुरे व धान्य हलवले. जड तोफा आणि सामानाचे तांडे घेऊन चाळीसेक किलोमीटर पुढे सरकायला बर्गॉइनला जवळजवळ तीन आठवडे लागले.

पश्चिमेकडचा दुसरा डावही फसला. सेंट लेजरने ऑगस्टच्या सुरुवातीला मोहॉक खोऱ्यातील फोर्ट स्टॅनविक्सला वेढा घातला. किल्लेदार पीटर गॅन्सव्हर्टने शरण जायचे नाकारले. त्याच्या मदतीला निकोलस हर्किमर खोऱ्यातील सुमारे ८०० शेतकरी-शिपाई घेऊन निघाला. ६ ऑगस्टला ओरिस्कनीजवळच्या ओढ्यात दबा धरून बसलेल्या राजनिष्ठांनी आणि त्यांच्या मूळनिवासी मित्रांनी त्यांच्यावर हल्ला केला. पायाला गोळी लागलेला हर्किमर झाडाला टेकून बसला आणि तिथूनच हुकूम देत राहिला. काही दिवसांनी त्याच जखमेने तो मरण पावला. दोन्ही बाजूंची अपरिमित हानी झाली. पुढे अर्नोल्ड मोठी फौज घेऊन येत असल्याची फुगवलेली बातमी पसरवण्यात आली. तिने सेंट लेजरचे मूळनिवासी मित्र पांगले आणि २२ ऑगस्टला त्याने वेढा उठवला. त्याआधी १६ ऑगस्टला बेनिंग्टनजवळ, घोडे आणि धान्य मिळवायला पाठवलेली बर्गॉइनची जर्मन तुकडी जॉन स्टार्कच्या माणसांनी उधळून लावली होती. त्यात बर्गॉइनने सुमारे ९०० माणसे गमावली.

एव्हाना अमेरिकन सैन्याचे नेतृत्व होरॅशिओ गेट्सकडे आले होते. पोलंडहून आलेला अभियंता तादेउश कोश्चुश्को याने मोर्चासाठी बेमिस हाइट्स ही जागा मुक्रर केली. तिथे टेकडी नदीला इतकी खेटून आहे की काठाने दक्षिणेकडे जाणाऱ्या सैन्याला तोफांच्या माऱ्याखालूनच जावे लागे. १९ सप्टेंबरच्या लढाईत मैदान बर्गॉइनकडे राहिले, पण त्याची सुमारे ६०० माणसे पडली आणि वाट बंदच राहिली. ७ ऑक्टोबरच्या दुसऱ्या लढाईत त्याचा पूर्ण पराभव झाला. डॅनियल मॉर्गनच्या नेमबाजांनी आणि आघाडीवर घुसलेल्या अर्नोल्डने या लढाईत मोठी कामगिरी केली. अर्नोल्डच्या पायाला गंभीर दुखापत झाली. १७ ऑक्टोबर १७७७ रोजी सॅराटोगा येथे बर्गॉइनने सुमारे ५,८०० सैनिकांसह शस्त्रे खाली ठेवली.

दक्षिणेकडून मदत निघाली होती, पण उशिरा. न्यूयॉर्कमध्ये मागे राहिलेला सर हेन्री क्लिंटन सुमारे ३,००० सैनिक घेऊन नदीतून वर आला आणि ६ ऑक्टोबरला त्याने हायलँड्समधील फोर्ट क्लिंटन व फोर्ट मॉन्टगोमरी हे दोन किल्ले मागच्या बाजूने चढून घेतले. या किल्ल्यांपाशी नदी अडवण्यासाठी पात्रात घातलेली साखळी त्यानंतर निकामी करण्यात आली. १६ ऑक्टोबरला त्याच्या सैन्याने न्यूयॉर्क राज्याची तेव्हाची राजधानी किंग्स्टन जाळली. त्याच वर्षी एप्रिलमध्ये राज्याची पहिली घटना तिथे मंजूर झाली होती. मात्र तिथून शंभराहून अधिक किलोमीटर उत्तरेला दुसऱ्याच दिवशी बर्गॉइन शरण गेला आणि दक्षिणेकडच्या या चढाईला काही अर्थ उरला नाही. ब्रिटिश पुन्हा न्यूयॉर्कला परतले.

सॅराटोगाचा पडसाद

आतापर्यंत गुपचूप शस्त्रे पुरवणाऱ्या फ्रान्सला या विजयानंतर अमेरिकेचा पक्ष उघडपणे घेण्याचे धैर्य आले. ६ फेब्रुवारी १७७८ रोजी दोघांत तह झाला. वसाहतीतील बंड हे युरोपीय सत्तांचे युद्ध बनले आणि त्याची झळ भारतालाही लागली. फ्रान्सशी युद्ध सुरू होताच इंग्रजांनी १७७८ मध्ये चंद्रनगर व पुदुच्चेरी आणि १७७९ मध्ये माहे ही फ्रेंच ठाणी घेतली. माहे पडल्याने हैदरअली इंग्रजांवर चिडला. पुण्याच्या दरबारात तर १७७७ मध्येच सेंट ल्युबिन हा फ्रेंच गृहस्थ येऊन दाखल झाला होता. नाना फडणवीसांनी त्याचे केलेले स्वागत इंग्रजांना खुपत होते. पहिले इंग्रज-मराठा युद्ध आणि वडगावचा प्रसंग याच वर्षांतला. ब्रिटनला आता अमेरिका, वेस्ट इंडिज, युरोपचे समुद्र आणि भारत अशा अनेक आघाड्यांवर आपली शक्ती वाटून द्यावी लागत होती.

वेस्ट पॉइंटची साखळी आणि किंग्ज फेरी

हायलँड्समधील किल्ले इतक्या सहज पडल्याने अमेरिकनांनी १७७८ च्या आरंभी बचावाची नवी जागा ठरवली. ती म्हणजे नदीच्या तीव्र वळणावरचे वेस्ट पॉइंट. तटबंदीची आखणी मुख्यतः कोश्चुश्कोने केली. केवळ एका किल्ल्यावर विसंबून न राहता त्याने काठावर तोफांचे मोर्चे, वरच्या टेकडीवर किल्ला आणि आणखी उंचावर लहान बुरूज अशी एकमेकांना राखणारी रचना केली. मागून चढून येणाऱ्या शत्रूचा बंदोबस्त त्यात होता.

पात्र बंद करण्यासाठी वेस्ट पॉइंटपासून समोरच्या कॉन्स्टिट्यूशन बेटापर्यंत लोखंडी साखळी घालण्यात आली. स्टर्लिंग कारखान्यात घडवलेल्या या साखळीची एकेक कडी सुमारे दोन फूट लांब, सव्वादोन इंच जाड आणि जवळपास ५० किलो वजनाची होती. टोके निमुळती केलेल्या ओंडक्यांच्या तराफ्यांवर ती तरंगत ठेवली होती. ३० एप्रिल १७७८ रोजी ती पात्रात बसली. हिवाळ्यात बर्फाने तुटू नये म्हणून ती काढून घेत आणि वसंतात पुन्हा घालत. तिच्यापर्यंत येण्याचे धाडस एकाही ब्रिटिश जहाजाने केले नाही. वळणावर वेग मंदावलेले जहाज साखळीशी अडले की चहूबाजूंच्या तोफांखाली सापडणार, हे उघड होते.

साखळीने उभा मार्ग बंद झाला आणि तिच्या आधाराने आडवी वाट चालू राहिली. नदीच्या पूर्वेला फिशकिल येथे सैन्याचे मोठे कोठार होते. हायलँड्सच्या दक्षिण तोंडाशी स्टोनी पॉइंट आणि व्हरप्लँक्स पॉइंट यांच्या दरम्यान ‘किंग्ज फेरी’ नावाची तर चालत असे. न्यू इंग्लंड आणि दक्षिणेकडील वसाहती यांना जोडणारा हा सर्वांत जवळचा उतार होता. १७७९ च्या मे महिनाअखेरीस ब्रिटिशांनी तरीची दोन्ही टोके घेतली. अमेरिकनांना वरच्या अंगाने लांबचा वळसा पडू लागला. १५ जुलैच्या मध्यरात्री अँथनी वेनने सुमारे १,२०० निवडक सैनिकांनिशी स्टोनी पॉइंटवर छापा घातला. गोळी सुटून सुगावा लागू नये म्हणून बहुतेकांच्या बंदुका रिकाम्या होत्या आणि भिस्त संगिनींवर होती. थोड्याच वेळात किल्ला पडला आणि पाचशेहून अधिक ब्रिटिश सैनिक कैद झाले. वॉशिंग्टनने तोफा हलवून ठाणे मोडून टाकले. ब्रिटिशांनी ते पुन्हा वसवले, पण त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये सोडूनही दिले. तर पुन्हा अमेरिकनांकडे आली.

अर्नोल्डची फितुरी

लढून न मिळालेले वेस्ट पॉइंट विकत घेण्याचा प्रयत्न १७८० मध्ये झाला. सॅराटोगाचा वीर बेनेडिक्ट अर्नोल्ड बढतीत डावलल्यामुळे, कर्जामुळे आणि काँग्रेसशी झालेल्या वादांमुळे दुखावला होता. १७७९ पासून तो ब्रिटिशांशी गुप्त पत्रव्यवहार करत होता. ऑगस्ट १७८० मध्ये त्याने वेस्ट पॉइंटचा ताबा स्वतःकडे मागून घेतला आणि २०,००० पौंडांच्या बदल्यात ते ठाणे शत्रूला देण्याची तयारी दाखवली.

२१ सप्टेंबरच्या रात्री ब्रिटिश अधिकारी मेजर जॉन आंद्रे ‘व्हल्चर’ या जहाजातून उतरून हॅव्हरस्ट्रॉजवळ अर्नोल्डला भेटला. सकाळी अमेरिकन तोफेच्या माऱ्यामुळे जहाजाला खाली सरकावे लागले आणि आंद्रे शत्रूच्या मुलखात अडकला. साधे कपडे घालून, खोट्या नावाचा परवाना घेऊन तो किंग्ज फेरीवरून नदी ओलांडून न्यूयॉर्ककडे निघाला. २३ तारखेला टॅरीटाउनजवळ तिघा स्थानिक शिपायांनी त्याला अडवले. झडतीत पायमोज्यांत लपवलेले वेस्ट पॉइंटचे कागद सापडले. बातमी कळताच अर्नोल्ड होडीतून ‘व्हल्चर’वर पळाला आणि ब्रिटिश सैन्यात सेनापती झाला. आंद्रेला हेर ठरवून २ ऑक्टोबरला टॅपन येथे फाशी देण्यात आली.

ज्या वेस्टचेस्टर परगण्यात आंद्रे सापडला, तो दोन सैन्यांमधला कोणाच्याच अमलाखाली नसलेला पट्टा होता. दोन्ही बाजूंच्या टोळ्या तिथे गुरे पळवत, घरे लुटत. राजकीय निष्ठेपेक्षा जीव आणि चारा-धान्य वाचवण्याची चिंता तिथल्या शेतकऱ्यांना अधिक होती.

मोहॉक खोऱ्याची होरपळ

मोहॉक खोऱ्यात युद्धाचे रूप वेगळे होते. हा हौडेनोसौनी म्हणजे सहा राष्ट्रांच्या संघाचा प्रदेश होता. मोहॉक, सेनेका, कायुगा आणि ऑनोन्डागा यांतील बहुतेकांनी ब्रिटिशांची बाजू घेतली. वसाहतवाल्यांचे जमिनीवरचे अतिक्रमण राजाची सत्ता रोखेल, अशी त्यांची अपेक्षा होती. ओनायडा आणि टस्करोरा यांतील बरेच जण अमेरिकनांकडे गेले. ओरिस्कनीला संघातील राष्ट्रे एकमेकांविरुद्ध लढली आणि शतकांची एकी फुटली.

त्यानंतर छापे आणि प्रतिछापे यांची मालिका सुरू झाली. नोव्हेंबर १७७८ मध्ये चेरी व्हॅली या वस्तीवरील हल्ल्यात तीसहून अधिक सामान्य रहिवासी मारले गेले. १७७९ मध्ये वॉशिंग्टनच्या हुकुमावरून जॉन सुलिव्हन आणि जेम्स क्लिंटन यांनी संघाच्या मुलखात शिरून सुमारे ४० गावे, उभी पिके आणि फळबागा जाळल्या. बेघर झालेली माणसे ब्रिटिशांच्या नायगारा ठाण्याच्या आश्रयाला गेली. १७८० मध्ये सर जॉन जॉन्सन आणि मोहॉक नेता जोसेफ ब्रँट यांच्या छाप्यांत मोहॉक व स्कोहॅरी खोऱ्यांतील कोठारे जळाली. वॉशिंग्टनच्या सैन्याचे अन्न मोठ्या प्रमाणात याच शेतांतून येत असल्याने या जाळपोळीमागे लष्करी हेतूही होता.

१७८१ : नदी ओलांडून यॉर्कटाउनकडे

१७८१ च्या जुलैमध्ये रोशाँबोचे फ्रेंच सैन्य ऱ्होड आयलंडहून चालत येऊन हडसनच्या पूर्वेला वॉशिंग्टनला मिळाले. न्यूयॉर्कवर हल्ला करावा, असे वॉशिंग्टनच्या मनात होते. ऑगस्टमध्ये फ्रेंच आरमार चेसापीक उपसागराकडे येत असल्याचे कळले आणि व्हर्जिनियातील लॉर्ड कॉर्नवॉलिसला कोंडीत पकडण्याचा बेत ठरला. हायलँड्सच्या रक्षणासाठी जनरल हीथला मागे ठेवून उरलेल्या दोन्ही सैन्यांनी २० ते २६ ऑगस्टच्या दरम्यान किंग्ज फेरीवरून नदी पार केली. हल्ला न्यूयॉर्कवरच होणार, असा समज न्यूयॉर्कमधील सर हेन्री क्लिंटनचा व्हावा म्हणून न्यू जर्सीत भट्ट्या बांधण्यासारख्या हुलकावण्या दिल्या गेल्या. १९ ऑक्टोबरला यॉर्कटाउनला कॉर्नवॉलिसने शरणागती पत्करली. हाच कॉर्नवॉलिस पुढे गव्हर्नर-जनरल म्हणून भारतात आला आणि मराठे व निजाम यांना सोबत घेऊन टिपूशी लढला.

न्यूबर्गची छावणी

यॉर्कटाउननंतरही न्यूयॉर्क शहर ब्रिटिशांकडेच होते. त्यामुळे वॉशिंग्टन पुन्हा हडसनकाठी आला आणि एप्रिल १७८२ पासून ऑगस्ट १७८३ पर्यंत न्यूबर्ग येथे त्याचे मुख्य ठाणे राहिले. जवळच न्यू विंडसर येथे सुमारे सात हजार सैनिक लाकडी खोपटांत तहाची वाट पाहत होते. पगार थकले होते. बंदुकीच्या जोरावर काँग्रेसला नमवावे, अशी निनावी पत्रके मार्च १७८३ मध्ये अधिकाऱ्यांत फिरू लागली. १५ मार्चला वॉशिंग्टन स्वतः सभेत आला आणि त्याने या विचाराचा कडाडून निषेध केला. एक पत्र वाचून दाखवण्यासाठी त्याने खिशातून चष्मा काढला आणि देशसेवेत आपली दृष्टी अधू झाल्याचे सांगितले, तेव्हा अनेकांचे डोळे पाणावले. बंडाचा विचार तिथेच विरला. नव्या देशात लष्कर लोकनियुक्त सत्तेच्या अधीन राहील, हे तत्त्व या प्रसंगाने पक्के केले. १९ एप्रिल १७८३ रोजी, युद्ध सुरू झाल्याला बरोबर आठ वर्षे होत असताना, याच छावणीत युद्धबंदी जाहीर झाली. २५ नोव्हेंबरला शेवटचे ब्रिटिश सैन्य न्यूयॉर्कमधून निघून गेले.

हिशेब

हडसन हाती आली असती तर ब्रिटिशांनी युद्ध जिंकले असते का, याबद्दल इतिहासकारांत मतभेद आहेत. शेकडो किलोमीटरचा काठ राखायला लागणारी शिबंदी त्यांच्याकडे नव्हती. ऑल्बनीच्या वर त्यांच्या मोठ्या जहाजांचा उपयोगही नव्हता. बर्गॉइन ऑल्बनीला पोचला असता तरी तिथे त्याला कॅनडातून अन्न पुरवणे अवघड गेले असते. उलट अमेरिकनांना खोऱ्याचा मधला टप्पा सांभाळणे तुलनेने स्वस्त पडले. त्या टप्प्याने न्यू इंग्लंडची माणसे आणि मध्य वसाहतींचे धान्य एकत्र ठेवले आणि १७८१ मध्ये दोन सैन्यांना नदीपार नेले.

या विजयाची फळे सर्वांना सारखी मिळाली नाहीत. १७८३ च्या पॅरिस तहात हौडेनोसौनींचा उल्लेखही नव्हता. पुढच्याच वर्षी फोर्ट स्टॅनविक्सच्या करारात त्यांना मोठा मुलूख सोडावा लागला आणि ब्रँटच्या मागोमाग अनेक जण कॅनडातील ग्रँड नदीकाठी गेले. त्यांनी ब्रिटिशांना साथ दिली असो वा अमेरिकनांना, त्यांच्या जमिनी हळूहळू गेल्याच. ब्रिटिशांकडे पळून आलेले सुमारे तीन हजार कृष्णवर्णीय १७८३ मध्ये न्यूयॉर्क बंदरातून मुख्यतः नोव्हा स्कोशियाला रवाना झाले. मागे राहिलेल्या गुलामांसाठी न्यूयॉर्कने टप्प्याटप्प्याने मुक्ती देणारा कायदा १७९९ मध्ये केला आणि गुलामगिरी पूर्णपणे संपायला १८२७ साल उजाडले.

वेस्ट पॉइंटला १८०२ मध्ये लष्करी अकादमी सुरू झाली. साखळीच्या काही कड्या तिथे जतन केल्या आहेत. न्यूबर्गचे वॉशिंग्टनचे निवासस्थान १८५० मध्ये न्यूयॉर्क राज्याने स्मारक म्हणून ताब्यात घेतले. १८२५ मध्ये मोहॉक खोऱ्यातून जाणारा ईरी कालवा पूर्ण झाला आणि ज्या वाटेने सेंट लेजरची फौज आली होती, त्या वाटेने मध्यपश्चिमेचा गहू न्यूयॉर्क बंदरात येऊ लागला.